सुनेचे पैसे

परवा सत्यजित राय यांचा ‘महानगर’ पाहिला. १९६३चा बंगाली चित्रपट. कलकत्त्यातलं साधं घर. नवऱ्याच्या पगारात भागत नाही, म्हणून आरती दारोदार विणकामाची यंत्रं विकायची नोकरी धरते. पुढे नवऱ्याची बँक बुडते आणि घर तिच्याच पगारावर चालतं. सासरे निवृत्त शिक्षक. त्यांना सुनेचे पैसे नकोत; पण चष्म्यासाठी जुन्या विद्यार्थ्याच्या दारी जातात!

तिथे मी अडखळले. आमच्या सूनबाईने पहिल्या पगाराचं पाकीट माझ्या हातात ठेवलं होतं. ‘तुझे तुलाच राहू देत गं,’ म्हणून मी ते परत केलं. मला वाटलं, केवढा माझा मोठेपणा! तिचा चेहरा का उतरला, ते आत्ता उमगलं.

प्रतिक्रमणात आपण ‘मान’ कषायाची क्षमा मागतो. घरात मात्र तो समजूतदारपणाचा पदर घेऊन वावरतो, ओळखू येत नाही.

काल तिला म्हटलं, ‘माझ्या चष्म्याच्या काचा बदलायच्यात, करून देशील?’

‘आत्ताच चला आई,’ म्हणत तिने पर्स उचलली.