वेदगंगेच्या काठीं मुरगूड

निपाणीहून राधानगरीकडे जाणारा रस्ता धरला कीं वेदगंगेच्या खोऱ्यांत, कागल तालुक्यांत, मुरगूड लागतें. खेडें म्हणावें तर येथें नगरपरिषद आहे. शहर म्हणावें तर वेशीबाहेर पाऊल टाकतांच ऊंस! ही हिरवळ पाहून प्रवासी भुलतो. परंतु पाऊस चार महिन्यांचा आणि ऊंस बारा महिने तहानलेला. मधली तूट माणसांनीं भरून काढली आहे.

गांवचा सर पिराजीराव तलाव आम्हीं मुद्दाम पाहिला. पिराजीराव घाटगे हे कागलचे अधिपति आणि शाहू महाराजांचे धाकटे बंधु. १८८४ सालीं थोरले कोल्हापूरच्या गादीवर दत्तक गेले, धाकटे कागलास राहिले. मुरगुडाप्रमाणेंच यमगे, शिंदेवाडी या गांवांसही ह्या तलावाचा आधार आहे.

नदीवरील बंधाऱ्यांची रीत तर फारच सुटसुटीत. नुसते दगडी खांब, त्यांना खांचा. पावसाळा सरला कीं खांचांत बरगे घालून पाणी अडवावें, मृग येण्यापूर्वीं ते काढून पुराला वाट द्यावी; गाळही वाहून जातो. ह्या बंधाऱ्यांना देशभर कोल्हापूरचेंच नांव आहे. अडलेलें पाणी माळावर चढविणें एकट्या शेतकऱ्यास झेपत नाहीं, म्हणून सहकारी पाणीपुरवठा संस्था निघाल्या. पाण्यामागून ऊंस आला, उंसामागून बिद्री व हमीदवाडा येथील सहकारी कारखाने, आणि कारखान्यांमागून राजकारण. ह्याच भागांतले सदाशिवराव मंडलिक १९९८ पासून कोल्हापूरचे खासदार होते. २००९ सालीं तर ते अपक्ष म्हणून निवडून आले. साखरेचें बळ म्हणतात तें हें.

मात्र हा ऊंस तोडावयास माणसें येतात तीं मराठवाड्यांतून. नवराबायको मिळून हिशेबांत एक ‘कोयता’. मुकादमाकडून उचल आधींच घेतलेली. आपल्या घरच्या चहांत विरघळणारी साखर अशा किती कोयत्यांखालून आलेली असते, ह्याचा विचार आपण क्वचितच करितों. फडाजवळ पालें, पालांत कच्चींबच्चीं. ज्या संस्थानांत १९१७ सालीं प्राथमिक शिक्षण मोफत व सक्तीचें झालें, त्याच भूमीवर हीं मुलें ऐन शाळेच्या दिवसांत वाढे गोळा करीत असतात. साखरशाळा निघाल्या, हें खरें. पण हंगाम संपला कीं मूल गांवीं परततें, आणि तेथील वर्ग तोंवर पुढें गेलेला असतो.