हरतालिका आपली, तीज त्यांची

मैत्रिणींनो, भाद्रपद शुद्ध तृतीयेला आपण वाळूची पिंड मांडून हरतालिकेचा उपास करतो ना, त्याच दिवशी नेपाळात तीज असते. जमलं तर त्या सुमारास काठमांडूला जा. आदल्या रात्री 'दर', म्हणजे माहेरी किंवा मैत्रिणींबरोबर पोटभर जेवण. दुसऱ्या दिवशी बऱ्याच जणींचा निर्जळी उपास, आणि पशुपतिनाथाच्या देवळाबाहेर लाल साड्यांच्या रांगाच रांगा! बायका गातात, नाचतात. या गाण्यांत सासूचा जाच, नवऱ्याचा तोरा, सगळं येतं. वर्षभर मिटलेल्या तोंडाला त्या दिवशी मुभा.

पण ज्याच्यासाठी उपास, तो असतो कुठे? कितीतरी जणींचा कतार, सौदी, दुबईला, नाहीतर मलेशियात. देशाच्या उत्पन्नाच्या जवळजवळ चौथ्या हिश्श्याइतका पैसा परदेशातून येतो. लग्नाची हळद उतरते न उतरते तोच विमान गाठायचं, पुढचा संसार मोबाइलवर. पैसे बायकोकडे येतात, तेव्हा घरचा हिशेब तिच्या हाती. हो, पण गावाचे डोळेही तिच्यावरच! जरा नटली की कुजबुज सुरू. मला विचाराल तर दूर राहण्यापेक्षा हेच जास्त जाचत असेल.

इंद्रचौकातला पोते बाजार मात्र चुकवू नका. पोते म्हणजे धान्याचं पोतं नव्हे हं! काचमण्यांची लाल-हिरवी माळ, आपल्या मंगळसूत्राच्या जागी. प्रेमविवाह करणाऱ्याही ती घालतात. पळून जाऊन लग्न करणं तर तिकडे जुनंच. 2017च्या कायद्यानं वय मात्र दोघांचंही 20 केलं आहे.

नवरा गेला की पोते उतरायचे, लाल रंग वर्ज्य, ही तिथली रीत. आणि परदेशातून शवपेट्याही येतात, बाई. लिली थापा यांनी 1994 मध्ये अशा बायकांची संघटना उभी केली. 'विधवा' नको, 'एकल महिला' म्हणा, आणि लाल नेसू द्या, असा त्यांचा आग्रह. 2009 मध्ये सरकारनं विधवेशी लग्न करणाऱ्याला 50 हजार रुपये जाहीर केले, तेव्हा याच बायका संतापून उठल्या. पैशासाठी हात धरणारा नवरा हवाय कुणाला?

आता तिजेच्या गर्दीत एखादीची लाल साडी पाहून तिचा नवरा घरी आहे, आखातात आहे, की या जगातच नाही, हे सांगता येईलच असं नाही.