आठे माणूस शे

एसटी फलाटाला लागायच्या आधीच तो आत पोचलेला असतो. गाडी अजून मागेपुढे होतेय, कंडक्टरचा पत्ता नाही, दाराशी माणसे आणि गाठोडी एकमेकांत अडकलीत, आणि हा मात्र खिडकीजवळच्या सीटवर ऐसपैस पसरलाय. अंगाने हातभर, चौकडीचा, कडेचे दोरे सुटलेले. फुंकर मारली तर उडेल असा देह. पण त्याच्या जागेवर बसायची भल्याभल्यांची छाती होत नाही. नंदुरबारहून धानोऱ्याकडे निघालेल्या गाडीतल्या या प्रवाशाला तिकीट पडत नाही. त्याचे नाव रुमाल.

सीट धरणे हा त्याचा जोडधंदा. मूळ नोकरी खांद्यावरची. उन्हात तो डोक्याला असतो, कामात कपाळाला, मिरचीच्या पथारीवर गेला की नाकातोंडाला. बाजारात गरज पडली तर त्याची पिशवी होते. एका कोपऱ्याला गाठ असते आणि गाठीत सुटे पैसे. घाम, धूळ आणि तंबाखू यांचा मिळून त्याला स्वतःचा असा एक वास असतो, आणि हा वासच त्याचे ओळखपत्र. कोरा, घडीचा, इस्त्रीचा रुमाल सीटवर ठेवून पाहा. कोणी तरी विसरले असेल म्हणून लोक उचलून खिडकीत ठेवतील. वापरलेला रुमाल मात्र सांगतो, की याच्यामागे माणूस आहे आणि तो जवळपासच आहे.

त्याला खिडकीतून आत धाडणे ही कसबाची गोष्ट. सैल फेकला तर वाऱ्याला लागून भलत्याच सीटवर उतरतो, म्हणून जाणकार आधी पिळा देतात आणि मग सोडतात. आत पडला की त्याचा कायदा सुरू होतो. एक रुमाल, एक जागा, हे सर्वमान्य. आडवा पसरून दोन जागा सांगितल्या तर कुरबुर होते. तिघांच्या बाकावर अख्खा टॉवेल अंथरला तर भांडण ठरलेले. पाणी प्यायला, तंबाखू घ्यायला, लघवीला उतरलेल्या माणसाची जागा रुमाल राखतो. नातलगाच्या घरी चहाला गेलेल्याची राखत नाही. कंडक्टरने दोनदा घंटी मारली आणि धनी आला नाही, तर रुमालाचे राज्य तिथेच संपते.

त्याच गाडीत रंगवलेली राखीव आसनेही असतात. महिलांसाठी, अपंगांसाठी, विधिमंडळ सदस्यांसाठी. धानोऱ्याच्या गाडीत आमदार कधी चढतील याची कोणी वाट पाहत नाही, म्हणून त्या अक्षरांवर पाठ टेकून लोक निवांत झोपतात. महामंडळाने पत्र्यावर रंगाने लिहिलेला हक्क असा निजतो, आणि शेजारच्या सीटवरचा मळका कपडा जागा राहतो. याचे कारण एवढेच, की रंगामागचा माणूस येणार नाही हे सगळ्यांना ठाऊक असते आणि कपड्यामागचा येणार हेही.

माणूस आपल्याभोवती किती जागा धरतो, हे अमेरिकेतल्या अभ्यासकांनी मोजून पाहिले आहे. एडवर्ड हॉल यांनी १९६६ साली अंतरांचे टप्पे पाडले. दीड फुटाच्या आत फक्त जिवलगांना प्रवेश, असे त्यांचे निरीक्षण. त्या मोजपट्टीने बाजारच्या दिवशी भरलेल्या एसटीत सगळेच एकमेकांचे जिवलग ठरतील. आपल्याकडच्या रुमालाची कहाणी अधिक जवळून ओळखली ती रॉबर्ट सॉमर यांनी. सॉमर आणि फ्रँकलिन बेकर यांनी १९६९ मध्ये वाचनालयातल्या रिकाम्या खुर्च्यांवर पाळत ठेवली. गर्दीच्या वेळी खुर्चीवर टाकलेले जाकीट जागा राखते, टेबलावर विखुरलेली मासिके तितकी राखत नाहीत, असे त्यांना दिसले. आणखी एक गोष्ट त्यांनी टिपली, ती महत्त्वाची: नवा माणूस आधी त्या वस्तूकडे पाहतो आणि मग शेजाऱ्याला विचारतो.

एसटीत याला अभ्यास लागत नाही. रुमालाला जीभ नाही. पिशवी सावरत आलेला कोणी तरी थांबतो, रुमालाकडे पाहतो, मग बाजूला बसलेल्याकडे पाहतो. तो बाजूचा अहिराणीत सांगतो, “आठे माणूस शे.” इथे माणूस आहे. खरे तर तिथे माणूस नसतो, कापड असते; आणि सांगणारा त्या माणसाला ओळखतही नसतो. पण एवढ्या तीन शब्दांवर उभा असलेला माणूस पुढे सरकतो. रुमालाची सगळी ताकद या परक्या तोंडात आहे. शेजारी गप्प बसला, खिडकीबाहेर पाहू लागला, की तोच रुमाल दोन बोटांत उचलला जातो.

हा रुमाल बहुधा पुरुषाचा असतो, हेही सांगायला हवे. खिडकीतून झेप घालायची, कोपराने वाट काढायची, हे बाईमाणसाने केले तर चार माना वळतात. ती थैली ठेवते, नाही तर लेकराला पुढे बसवते. १७ मार्च २०२३ पासून एसटीत महिलांना निम्मे तिकीट झाले. जागा सांगण्याचा आवाज मात्र अजून पुरा हाती आलेला नाही.

सीटपुरता हा कायदा इतका सुरळीत चालतो, की गाडीतून उतरल्यावर प्रश्न पडतो: जमिनीवर तो का चालला नाही? नंदुरबारकडचा हा सगळा भिल्ल, पावरा, गावित, कोकणा, मावची या आदिवासींचा मुलूख. डोंगरउतारावर झाडोरा साफ करून, दगड वेचून, बांध घालून पिढ्यान्‌पिढ्या पेरणाऱ्यांनी आपली खूण त्या मातीवर ठेवलीच होती. पण ती खूण सरकारी वहीत उमटली नव्हती, म्हणून वनखात्याच्या लेखी तो माणूस अतिक्रमण करणारा. आणि ज्यांची नावे वहीत होती, त्यांच्याही जमिनी कर्जाच्या, गहाणखताच्या वाटेने दुसऱ्यांकडे गेल्या. खूण होती, धनी समोर उभा होता, पण साक्ष द्यायला कोणी तोंड उघडत नव्हते. १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला शहाद्यात आदिवासी कार्यकर्ते अंबरसिंग सुरतवंती आणि त्यांच्या सोबत्यांनी जमिनीसाठी जे आंदोलन उभे केले, ते एका अर्थाने हे तोंड उघडणेच होते. पुढे कायदा झाला. १ एप्रिल १९५७ ते ६ जुलै १९७४ या काळात आदिवासींकडून बिगरआदिवासींकडे गेलेली जमीन परत देण्याची तरतूद त्यात आली.

सरकारेही रुमाल टाकतात, फक्त त्यांचा रुमाल नकाशावर पडतो. १ मे १९६० ला महाराष्ट्र आणि गुजरात वेगळे झाले, तेव्हा नंदुरबार, नवापूर, तळोदा, अक्कलकुवा या तालुक्यांतली दीडशेहून अधिक गावे पलीकडे गेली. सासर एका राज्यात, माहेर दुसऱ्यात. त्या जागेचा वाद घालायला उभ्याने प्रवास करणाऱ्यांपैकी कोणालाही बोलावले नव्हते.

जंगलातल्या नांगरटीला कागद मिळण्याची वाट २००६ च्या वनहक्क कायद्याने उघडली. १३ डिसेंबर २००५ च्या आधीपासून ताबा हवा, क्षेत्र चार हेक्टरपर्यंत, आणि पट्टा नवराबायको दोघांच्या नावे. ज्या बाईला सीटवर थैली ठेवतानाही बिचकायला होत होते, तिचे नाव इथे कायद्यानेच नवऱ्याच्या बरोबरीला आले. दाव्याची सुरुवात ग्रामसभेत होते. पुरावा म्हणून काय चालते, तर घर, झोपडी, सपाट केलेली जमीन, घातलेला बांध. आणि आणखी एक: दावेदार सोडून गावातल्या दुसऱ्या वयस्क माणसाचा लेखी घेतलेला जबाब. कसणाऱ्याने ठेवलेली खूण आणि शेजाऱ्याचे तोंड, दोन्ही कायद्याने एकाच फायलीत घातले. एसटीतली रीत नियमावलीत शिरायला इतका काळ लागला.

म्हणजे सगळे सुरळीत झाले असे नाही. दावे फेटाळले जातात, अपिले पडून राहतात, मोजलेले क्षेत्र कसलेल्या क्षेत्रापेक्षा कमी भरते. त्या फायलीच्या मागे लागलेला माणूस उपविभागीय कार्यालयात जायला हीच गाडी पकडतो आणि खिडकीतून रुमाल टाकतो. त्या सीटसाठी त्याला २००५ च्या आधीचा पुरावा कोणी मागत नाही.

रुमाल भोळा नाही. तो दांडगाईही करतो. दमलेल्या म्हातारीला उभे ठेवून धडधाकट पोराची जागा राखतो. पण जागेवरचा एकट्याचा हक्क म्हणून काही नसते, हे त्याला आपल्या शिकल्यासवरल्या माणसांपेक्षा बरे कळते. कुंपण, पाटी, सातबारा, पट्टा, सगळ्यांचे आयुष्य दुसऱ्या कोणी तरी ते मानण्यावर. आणि दुसरा का मानतो? शेजारच्या सीटवरचा अनोळखी माणूस “आठे माणूस शे” म्हणतो, ते भलेपणानेच म्हणतो असे नाही. पुढच्या थांब्यावर पाणी प्यायला त्यालाही उतरायचे असते, आणि तेव्हा त्याचा रुमाल कोणाच्या तरी तोंडावर राहणार असतो. ज्या म्हाताऱ्याने शेजाऱ्याच्या शेताबद्दल जबाब लिहून दिला, त्याचा स्वतःचा दावाही त्याच ग्रामसभेत पुढच्या नंबरावर असतो.