राहात्याहून संगमनेरकडे, एका धुनेच्या मागे

राहाता हे गाव बहुतेकांना बसच्या खिडकीतूनच माहीत असतं. नगरहून मनमाडकडे जाताना शिर्डीच्या अलीकडे पाच-सहा किलोमीटरवर गाडी थांबते, पेरूवाले खिडकीशी येतात, मीठ-तिखट लावलेला पेरू हातात पडतो आणि गाडी पुढे निघते. पेरू खरंच चांगले असतात. पण या तालुक्यात आणखीही एक पीक आहे, गाण्याचं, आणि त्याची नोंद कुठल्या बाजार समितीत होत नाही.

मला ते सुचलं रशियन संगीतकारांविषयी वाचताना. मिखाईल ग्लिंका या संगीतकाराने १८४८ साली लग्नातलं एक संथ गाणं आणि नाचाची एक धून घेऊन ‘कामारिन्स्काया’ ही वाद्यवृंदाची रचना केली. त्याच्या पुढच्या पिढीतला बालाकिरेव्ह १८६० मध्ये व्होल्गा नदीच्या काठाने फिरला, नावाड्यांची आणि शेतकऱ्यांची गाणी टिपून घेतली आणि १८६६ साली त्यातली ४० छापली. चायकोव्हस्कीने तर एका घरी काम करणाऱ्या कारागिराच्या तोंडची धून ऐकून ती आपल्या पहिल्या तंतुवाद्य-चौकडीत घातली. १८७६ मध्ये मॉस्कोत ती वाजली तेव्हा शेजारी बसलेल्या टॉलस्टॉयच्या डोळ्यांत पाणी आलं, असं त्याने स्वतः लिहून ठेवलं आहे.

गावची धून मैफलीत जाते, यात आपल्याला नवल वाटायचं कारण नाही. आपल्या रागांची नावंच पाहा: पहाडी, सोरठ, मुलतानी, गुर्जरी, अहीर भैरव, राजस्थानातला मांड. ही सगळी मुलखांची आणि जमातींची नावं आहेत. रशियनांनी वेगळं केलं ते एवढंच, की धून कुठून घेतली हे कागदावर ठेवलं. आपल्याकडे धून राहिली, देणारा गेला. म्हणून ठरवलं, आपल्याच भागात देणाऱ्यांचा काही माग लागतो का ते पाहावं.

सुरुवात कोऱ्हाळ्यापासून. हे राहाता तालुक्यातलंच गाव. शिर्डीत १८९७ साली गोपाळराव गुंड यांच्या पुढाकाराने उरूस सुरू झाला आणि त्यातली संदलची मिरवणूक सुरू केली ती कोऱ्हाळ्याच्या अमीर शक्कर दलाल यांनी. पुढे १९१२ पासून त्याच दिवसाला रामनवमीचं रूप आलं, तरी संदल चालूच राहिला. साईबाबांच्या चरित्रात असंही येतं, की सुरुवातीच्या काळात ते तकियात पायाला घुंगरू बांधून गात आणि नाचत. तकिया म्हणजे फकिरांच्या मुक्कामाची जागा. तिथे काय गायलं जाई, त्याची चाल कशी होती, हे कुणी उतरवून ठेवलं नाही. त्याच शिर्डीत दासगणू आले. ते नगर जिल्ह्यातले, पोलिसात नोकरीला, तमाशाचे आणि लावणीचे शौकीन. पुढे नोकरी सोडून कीर्तनकार झाले. लावणी रचणारा हात कीर्तनाकडे वळला की चाली मागे थोड्याच राहतात?

लोणीमार्गे संगमनेरला जाताना ऊस दिसतो, साखर कारखाना दिसतो आणि मग प्रवरेच्या काठचं जुनं गाव येतं. अनंत फंदीचं हे गाव. पेशवाईतला हा शाहीर, जन्म १७४४, मृत्यू १८१९, मूळ आडनाव घोलप. ‘फंदी’ हे नाव त्याला कसं मिळालं, ते आपल्या वाचकांना सांगितलंच पाहिजे. संगमनेरात मलिक फंदी नावाचा एक फकीर होता, जरा विक्षिप्त वागणारा, आणि अनंताची त्याच्याशी दोस्ती. लोक दोघांनाही फंदी म्हणू लागले आणि फकिराचं नाव मराठी काव्याच्या इतिहासात कायमचं जाऊन बसलं. आज संगमनेरात कवी अनंत फंदींच्या नावाने व्याख्यानमाला भरते. तिच्या नावात मलिकही आहे, हे किती जणांना ठाऊक असेल?

लावणी पुढे कुठे गेली हेही पाहण्यासारखं आहे. दुसऱ्या बाजीरावाच्या काळात होनाजी बाळाने ती रागदारीत बांधली आणि ढोलकीच्या फडातून ती तबल्याच्या बैठकीत आली. त्याच काळातला सगनभाऊ हा जेजुरीचा, मुसलमान, जातीने शिकलगार, म्हणजे हत्यारांना धार लावणारा. इथे एक योगायोग मला फार आवडतो. मिरजेला तंबोरे आणि सतारी बनवणारी घराणीही शिकलगारांचीच. तलवारींची मागणी आटली तेव्हा त्यांनी भोपळा आणि तारा हातात घेतल्या. त्यांच्या सतारीला आणि तंबोऱ्याला २०२४ साली भौगोलिक मानांकन मिळालं. म्हणजे लावणीही आमच्या शिकलगाराने रचली आणि ख्यालाचा तंबोराही त्यानेच जुळवला.

१८८० साली अण्णासाहेब किर्लोस्करांचं ‘शाकुंतल’ रंगभूमीवर आलं तेव्हा साकी, दिंडी, कीर्तनातल्या चाली नाटकात शिरल्या. नंतर १९१६ च्या ‘स्वयंवर’ला चाली देणारे भास्करबुवा बखले हे फैज महंमद खाँ, नत्थन खाँ, अल्लादिया खाँ अशा उस्तादांचे शागीर्द. आणि किराण्याहून येऊन मिरजेत स्थायिक झालेल्या अब्दुल करीम खाँसाहेबांनी मराठी नाट्यपदं ध्वनिमुद्रिकांवर गायली. १९३७ मध्ये त्यांचा इंतकाल झाला. त्यांची कबर मिरजेच्या मीरासाहेब दर्ग्याच्या आवारात आहे आणि तिथे दरवर्षी त्यांच्या स्मरणार्थ गायक-वादक हजेरी लावतात.

पण बालाकिरेव्हसारखं पद्धतशीर काम आपल्याकडे केलं ते कुमार गंधर्वांनी. बेळगाव जिल्ह्यातल्या सुळेभावीत १९२४ साली जन्मलेला हा गायक क्षयाने आजारी पडला आणि १९४८ मध्ये हवापालटासाठी माळव्यात देवासला गेला. काही वर्षं गाण्याला बंदी. अंथरुणावर पडल्या पडल्या कानावर काय येई? घरासमोरून जाणाऱ्या बायकांची गाणी, भजनं, लग्नातली गीतं. त्यांनी ती ऐकली, जमवली, लिहून घेतली. बरे झाल्यावर त्या धुनांतून मालवती, सहेली तोडी, लगनगांधार असे राग उभे केले आणि त्यांना नाव दिलं ‘धुनउगम राग’. १९६५ च्या ‘अनूपरागविलास’मध्ये ते वाचायला मिळतात. या नावातच कबुली आहे: उगम धुनेत आहे, पंडितात नाही. ग्लिंकापेक्षाही हे पाऊल मला पुढचं वाटतं. ग्लिंकाने धुनेवर रचना केली, कुमारांनी धुनेतून राग काढला.

गाण्याविषयी आपल्या घरांत एकमत नाही आणि तो वाद इथे उकरायचा नाही. पण हळदीच्या रात्री ढोलकीवर बायकांनी धरलेली गाणी, बाळाला झोपवतानाची लोरी, जात्यावरचे चक्कीनामे, हे कुठल्या तरी आजीच्या तोंडून प्रत्येकाने ऐकलेलं असतं. दख्खनच्या सूफींनी तर जात्यासाठी, पाळण्यासाठी मुद्दाम दखनी पदं रचली होती. बायकांपर्यंत पोहोचायचं तर जात्यापाशीच जायला हवं, हे त्यांना नेमकं कळलं होतं.

राहात्याच्या मोहल्ल्यात एका खालांकडे बसले होते. हळदीचं गाणं म्हणा म्हटलं तर आधी हसल्या. “लिहून काय करणार बेटी? आता डीजे असतो.” मग गुडघ्यावर ताल धरून सुरू केलं. पहिली ओळ दखनी, दुसरी चक्क मराठी, आणि मधेच सूर असा खाली उतरला की पिलूच्या जवळ गेल्यासारखं वाटलं. तिसऱ्या ओळीला अडल्या. दोनदा मागे गेल्या, पुन्हा अडल्या. मग सुनेला म्हणाल्या, “कोपरगावला फोन लाव, माझ्या नणंदेला येतं ते.” नणंदबाईंनी फोनवर दोन ओळी म्हटल्या, चाल थोडी वेगळी. कुणाची बरोबर, यावर दोघींचं बराच वेळ चाललं. मी दोन्ही चाली उतरवून घेतल्या, खाली दोघींची नावं आणि गावं लिहिली.