साधा प्रश्न विचारू या

मैत्रिणींनो, ‘राजकारण पुरुषांचं, आपण आपलं घर बघावं’ असं आपण सहज म्हणून जातो. पण राजकारण आता उंबऱ्याबाहेर थांबतं कुठं? मुलांच्या मोबाईलमधून ते थेट ताटाशी येऊन बसतं. आमच्या कळमनुरीसारख्या लहान गावात तर सगळ्यांचा बाजार एक, शाळाही एकच. तिथं एकाचं पोर दुसऱ्याच्या पोराचं वैरी झालं, तर त्याची झळ चुलीपर्यंत पोचायला वेळ लागत नाही.

म्हणूनच आज आनंद पटवर्धनांविषयी सांगावंसं वाटतं. १९५० साली मुंबईत जन्मलेले हे गृहस्थ १९७०च्या दशकापासून माहितीपट काढत आहेत. आई निर्मलाबाई मातीची भांडी घडवणाऱ्या कलावंत. मुलानं कॅमेरा हाती घेतला आणि द्वेष कसा घडवला जातो, ते दाखवलं.

‘राम के नाम’ (१९९२) मध्ये ते घोषणा देणाऱ्या तरुणांना विचारतात, रामाचा जन्म कोणत्या साली झाला? पोरं गडबडतात. त्याच चित्रपटात अयोध्येच्या मंदिराचे पुजारी लालदास सलोख्याची भाषा बोलतात. १९९३ साली त्यांचा खून झाला. ‘पिता, पुत्र और धर्मयुद्ध’ तर आपण बायकांनी मुद्दाम पाहावा. १९८७ची देवरालाची सती आणि १९९२-९३च्या मुंबईच्या दंगली यांचा धागा ते ‘मर्दपणा’शी नेऊन जोडतात. तो दूरदर्शनवर यावा म्हणून त्यांना सर्वोच्च न्यायालयापर्यंत झगडावं लागलं. २००६ साली निकाल त्यांच्या बाजूनं लागला.

घाटकोपरच्या रमाबाई नगरात ११ जुलै १९९७ रोजी पोलिसांच्या गोळीबारात दहाजण गेले. त्या दुःखात शाहीर विलास घोगरे यांनी जीवन संपवलं. त्यावरचा ‘जय भीम कॉम्रेड’ पुरा व्हायला चौदा वर्षं लागली. तो २०११ साली आला. एवढा धीर कुणाला असतो?

त्यांची सगळीच मतं आपल्याला पटतील असं नाही. माझ्या घरीसुद्धा त्यावरून वाद होतात. पण ‘मर्दपणा’चा तो धागा मनातून जात नाही. ‘बायकांसारखा रडतोस काय?’ हे वाक्य मुलाच्या कानावर पहिल्यांदा पडतं ते बहुधा घरातच, आणि कितीदा तरी आपल्याच तोंडून. रडू गिळायला शिकलेल्या पोराला मग हात उगारणं सोपं वाटतं.

तेव्हा मुलगा मोबाईलवरचं काही भडक दाखवू लागला, तर लगेच रागावू नका. जवळ बसवून विचारा: हे कुणी पाठवलं? कधीचं आहे? त्या लोकांपैकी तू कुणाला ओळखतोस? शेजारच्या काकूंना हे दाखवशील का? उत्तराची घाई नको. भाजी निवडताना आपण कीड बघतोच ना? मग लेकरांच्या मनात जाणारं तेवढं न निवडता कसं जाऊ द्यायचं?