धुक्यातले आरमार

जटलंडच्या लढाईवरील बहुतेक पुस्तकांत एक नकाशा असतो. एका रंगाची रेषा ब्रिटिश आरमाराची, दुसऱ्या रंगाची जर्मनांची. ३१ मे १९१६ रोजी उत्तर समुद्रात दोन्ही बाजूंच्या मिळून २५० नौका कशा भिडल्या, हे त्यावरून चटकन उमगते. आणि लगेच प्रश्न पडतो, की सारे इतके उघड असताना अ‍ॅडमिरल जेलिकोने शत्रूला निसटू कसे दिले?

या प्रश्नाकडे मी 'रूल द वेव्ह्ज' या संगणकीय खेळाच्या वाटेने आलो. २०१५ साली आलेल्या या खेळाची तिसरी आवृत्ती २०२३ मध्ये निघाली. दिसायला तो अगदी रुक्ष: निळ्या पडद्यावर जहाजांच्या इवल्या खुणा, बाकी आकड्यांचे तक्ते. तुटपुंज्या अंदाजपत्रकात जहाजांचे आराखडे आपणच करायचे. चिलखत वाढवावे तर वेग घटतो, तोफा वाढवाव्यात तर वजन पेलत नाही. युद्ध पेटले, की हेच आरमार घेऊन समुद्रात उतरायचे आणि मिनिटामिनिटाने लढायचे. आज्ञेची सर्वांत कठोर पद्धत निवडली, तर ध्वजनौकेच्या नजरेआड गेलेली पथके आपल्या हातात राहत नाहीत.

खेळाची खरी गोडी मला इथे सापडली. क्षितिजावर धूर दिसतो. तो कोणाचा, हे कळत नाही. पुढे गेलेल्या क्रूझरकडून निरोप येतो तो अर्धवट. शत्रूची मुख्य रांग जवळ आहे की दूर, ती कोणीकडे वळते आहे, हे ठाऊक नसतानाच आपली रांग वळवावी लागते.

त्या सायंकाळी सव्वासहाच्या सुमारास जेलिकोपुढे हेच कोडे होते. सहा स्तंभांत चालणाऱ्या २४ युद्धनौकांची एक रांग करायची होती, दृश्यमानता खालावलेली होती आणि हाती आलेले निरोप परस्परांशी जुळत नव्हते. त्याने डावीकडे रांग धरली आणि जर्मन आरमार त्याच्या तोफांसमोर आडवे सापडले. तासाभराने जर्मन विनाशिकांनी पाणतीर सोडले, तेव्हा त्याने आपली रांग शत्रूपासून दूर वळवली. ती त्या काळची रूढ रीत होती. पण संपर्क तुटला, आणि पुढे अनेक दशके त्या वळणावरून वाद झडले. पाणतीर येताना पाहिले, की माझाही हात जहाजे दूर वळवण्याकडेच जातो. वर्षानुवर्षे पैसे जोडून बांधलेली रांग एका मिनिटात पणाला लावणे सोपे नसते.

अर्थात माझे जहाज बुडाले तर गुण वजा होतात आणि नवा डाव मांडता येतो. जटलंडला जेलिकोची रांग जुळत असतानाच 'इन्व्हिन्सिबल' स्फोटाने दुभंगली. १,०२६ माणसे गेली, ६ वाचली. हा भार कोणताही खेळ खांद्यावर देऊ शकत नाही. मात्र निर्णयाच्या क्षणीचे अज्ञान तो देतो, आणि नकाशाला नेमके तेच दाखवता येत नाही. पानिपतचा नकाशा पुढ्यात ठेवून भाऊसाहेबांना सल्ले देण्याची आपल्याकडे जुनी हौस आहे. त्या नकाशावरही दोन्ही फौजा दिसतात. भाऊसाहेबांना त्यांतले किती दिसत होते, हे आधी विचारावे असे मला आता वाटते.