वाढायला लागणारा वेळ

14 जून 2022 रोजी बीटीएस या कोरियन गटातल्या सात जणांच्या जेवणाच्या टेबलावरच्या गप्पांचा व्हिडिओ प्रसिद्ध झाला. गटाला नऊ वर्षं पूर्ण झाल्याचं निमित्त होतं. चारच दिवसांपूर्वी ‘प्रूफ’ हा आजवरच्या वाटचालीचा संग्रह म्हणावा असा अल्बम आला होता. गप्पांच्या ओघात गटाचा नेता किम नामजून, म्हणजेच आरएम, म्हणाला की के-पॉप या कोरियन लोकप्रिय संगीताची आणि एकूणच आयडॉल पद्धतीची, म्हणजे कंपनीनं शिकाऊ मुलांना तयार करून त्यांचे गट काढण्याच्या पद्धतीची, अडचण ही आहे की ती माणसाला परिपक्व व्हायला वेळ देत नाही. सतत गाणी काढायची, सतत काही ना काही करत राहायचं. ‘ऑन’ आणि ‘डायनामाइट’पर्यंत गट आपल्या हातात आहे असं वाटत होतं, ‘बटर’ आणि ‘परमिशन टू डान्स’नंतर आपण कोणत्या प्रकारचा गट आहोत हेच कळेनासं झालं. विश्रांती हवी असं म्हणतानाही आपण काही गुन्हा करतोय असं वाटतं, हेही त्यानं सांगितलं. दुसऱ्या दिवशी सोलच्या शेअर बाजारात हाइब या त्यांच्या कंपनीच्या शेअरचा भाव जवळजवळ 25 टक्क्यांनी कोसळला. गट फुटलेला नाही, सातही जण काम करत राहणार आहेत, असा खुलासा कंपनीला करावा लागला. आरएमलाही चाहत्यांसाठी स्वतंत्रपणे लिहून गैरसमज दूर करावा लागला.

सत्तावीस वर्षांच्या एका कलावंतानं मला थोडं थांबून विचार करायचा आहे असं म्हणणं आणि बाजारात हजारो कोटींचं मूल्य एका दिवसात नाहीसं होणं, या दोन गोष्टी शेजारी ठेवून पाहिल्या की आयडॉल पद्धतीचा खरा प्रश्न दिसतो. या पद्धतीवर सहसा होणारी टीका वेगळी असते. ही मुलं साच्यातून काढलेली असतात, त्यांना स्वतःचं काही नसतं, कंपनी नाचवते तसं ती नाचतात, असं म्हटलं जातं. ही टीका मला पटत नाही, आणि आरएमच्या बाबतीत तर ती उघडपणे चुकीची आहे. या पद्धतीत माणसाजवळ स्वतःचं काही नसतं असं नाही. जे असतं ते वाढायला लागणारा वेळ तिथं कुणाच्या मालकीचा नसतो, त्या माणसाच्या तर नसतोच. माझ्या मते दोष इथं आहे, आणि तो साचेबद्धपणापेक्षा गंभीर आहे.

आरएम सोलजवळच्या इल्सान या नव्यानं वसवलेल्या शहरात वाढला. शाळेत असतानाच तो ‘रंच रांडा’ या नावानं रॅप करायचा. 2010 मध्ये तो बिग हिट या तेव्हाच्या अगदी लहान कंपनीत (आजची हाइब ती हीच) दाखल झाला. कंपनीचे संस्थापक बांग सी-ह्योक यांच्या डोक्यात आधी एक हिप-हॉप गट होता. पुढे बेत बदलला, आयडॉल गट काढायचं ठरलं आणि सुरुवातीला जमलेले बरेच रॅपर निघून गेले. आरएम राहिला. 13 जून 2013 रोजी बीटीएसचं पदार्पण झालं ते ‘नो मोअर ड्रीम’ या गाण्यानं, आणि त्या गाण्याचा विषयच मोठ्यांनी लादलेली स्वप्नं हा होता. आरएमच्या नावावर आज दोनशेहून अधिक गाण्यांचं लेखन वा संगीत नोंदवलेलं आहे. 2017 मध्ये ‘रॅप मॉन्स्टर’ हे नाव आपलं आणि आपल्या संगीताचं खरं रूप सांगत नाही म्हणून त्यानं ते ‘आरएम’ एवढंच ठेवलं. 2018 च्या सप्टेंबरमध्ये न्यूयॉर्कला संयुक्त राष्ट्रांत युनिसेफच्या कार्यक्रमात तो बोलला तेव्हा भाषणाचा गाभा हाच होता, की नवव्या-दहाव्या वर्षी आपण इतरांच्या नजरेनं स्वतःकडे पाहायला लागलो आणि आपला आवाज हरवून बसलो. असा माणूस बाहुलं नव्हे. त्याची तक्रार म्हणूनच ऐकून घ्यावी अशी आहे: आवाज आहे, पण तो बदलला की काय झालं हे ऐकायलाही उसंत मिळत नाही.

उसंत नव्हती म्हणजे किती नव्हती? पदार्पणानंतरची पहिली दीर्घ सुट्टी या गटाला 2019 च्या ऑगस्टमध्ये मिळाली, म्हणजे सहा वर्षांनी. ती जाहीर करताना कंपनीला रीतसर निवेदन काढावं लागलं आणि हे कुठं दिसले तर त्यांना त्यांच्या सुट्टीत राहू द्या अशी चाहत्यांना विनंती करावी लागली. इतर व्यवसायांत जी गोष्ट रजेच्या अर्जावर भागते ती इथं जगभरची बातमी होते. शिवाय या धंद्याचं घड्याळ करारानं लावलेलं असतं. 2009 मध्ये टीव्हीएक्सक्यू या गटातल्या तिघांनी तेरा वर्षांच्या करारावरून एसएम एंटरटेन्मेंट या कंपनीविरुद्ध न्यायालयात धाव घेतली. त्यानंतर कोरियाच्या व्यापार आयोगानं करारासाठी सात वर्षांची मर्यादा घालून दिली. ही सुधारणा आवश्यकच होती. पण तिचा एक परिणाम असा झाला की गटाचं आयुष्य सात वर्षांच्या मापानं मोजलं जाऊ लागलं, आणि सातव्या वर्षी गट मोडतो ही धास्ती तिथल्या चाहत्यांच्या बोलण्यात रुळून गेली. अनेक वर्षं शिकाऊ म्हणून काढायची, सात वर्षं कमवायचं, पुढं मुलग्यांना सक्तीची लष्करी सेवा. या हिशेबात रिकामा महिना म्हणजे तोटाच.

यावर पहिला आक्षेप येतो तो पैशाचा. 2020 मध्ये कंपनी शेअर बाजारात आली तेव्हा सातही जणांना शेअर मिळाले; ते श्रीमंत आहेत, जगप्रसिद्ध आहेत, जगात कोट्यवधी माणसं यापेक्षा जास्त राबतात आणि त्यांना ना पैसा मिळतो ना सुट्टी. हे अगदी खरं आहे, आणि त्यांच्या श्रमाशी आरएमच्या श्रमाची बरोबरी मी करत नाही. पण या आक्षेपातूनच उलटा प्रश्न निघतो. ज्याच्याजवळ कीर्ती, पैसा, कंपनीचे शेअर आणि करार वेळेआधी नव्यानं करून घेण्याइतकी ताकद होती, त्यालाही थकलो म्हणायला नऊ वर्षं लागली आणि म्हणताना अपराधी वाटलं. मग ज्या गटाची पहिली तीन गाणी चालली नाहीत, त्यातल्या एकोणीस वर्षांच्या मुलानं काय म्हणावं? पदार्पणापर्यंत न पोचताच बाहेर पडणारी शिकाऊ मुलं तर त्याहून अधिक आहेत. आरएमचं बोलणं महत्त्वाचं आहे ते तो सर्वांत पीडित आहे म्हणून नव्हे. सर्वांत सुरक्षित जागेवरूनही हे सोपं नव्हतं, हे त्यातून कळतं.

दुसरा आक्षेप अधिक वजनाचा आहे, आणि तो खुद्द आरएमनंच मांडला आहे. मार्च 2023 मध्ये ‘एल पाइस’ या स्पॅनिश वृत्तपत्राला दिलेल्या मुलाखतीत तारुण्याचा, परिपूर्णतेचा आणि अतिरेकी मेहनतीचा हा हव्यास कोरियाचा सांस्कृतिक गुण आहे का, असं त्याला विचारलं गेलं. त्यानं दिलेलं उत्तर मला अजूनही विचार करायला लावतं. पाश्चात्त्यांना हे समजत नाही, असं तो म्हणाला. आमचा देश आक्रमणांत होरपळला, त्याचे दोन तुकडे झाले, सत्तर वर्षांपूर्वी आमच्याजवळ काहीही नव्हतं. आम्ही राबलो म्हणून आज जग आमच्याकडे पाहतं, आणि शतकानुशतकं दुसऱ्यांवर राज्य केलेल्या देशांतून आम्हाला सांगितलं जातं की तुम्ही स्वतःवर फार ताण घेता. यात अंधार आहे हे त्यानं नाकारलं नाही. वसाहतीचा अनुभव असलेल्या आपल्यासारख्या वाचकाला हे उत्तर आतून कळतं. त्यात भर म्हणून असंही म्हणता येईल की कठोर शिक्षणाशिवाय कुठलीच कला उभी राहत नाही. आपल्याकडच्या गायकांचा रियाझ काय कमी कठोर होता?

मला या उत्तरातला इतिहास पूर्ण मान्य आहे. पण ताण कुठून आला हे सांगणं वेगळं आणि तो तसाच राहावा असं म्हणणं वेगळं. आरएमनंही दुसरी गोष्ट म्हटलेली नाही. परक्या पत्रकारापुढे तो देशाची बाजू घेतो, घरच्या टेबलावर त्याच पद्धतीचं वैगुण्य सांगतो. यात विसंगती नाही, उलट दोन्ही बाजू एकाच माणसाला दिसाव्यात हेच त्याच्या विचारीपणाचं लक्षण आहे. आणि रियाझाचं म्हणाल तर प्रश्न मेहनतीच्या कठोरपणाचा नाहीच. रियाझ करणाऱ्याला पन्नाशी आहे, साठी आहे, उशिरा उमलण्याची मुभा आहे. आयडॉल पद्धतीत शिक्षण दीर्घ असतं आणि त्यानंतरचं आयुष्य आखूड.

उशिरा उमलणं म्हणजे काय हे आरएमला कुणी शिकवलं असेल तर ते कोरियाच्याच एका चित्रकारानं. युन ह्याँग-गुन यांचा जन्म 1928 चा. राज्यकर्त्यांच्या रोषापायी त्यांना एकाहून अधिक वेळा तुरुंगवास भोगावा लागला. 1973 मध्ये, शाळेत शिक्षक असताना एका वशिल्याच्या प्रवेशाबद्दल तोंड उघडलं म्हणून ते पुन्हा कैदेत गेले. त्यानंतर त्यांच्या चित्रांतले उजळ रंग गेले. मातकट तपकिरी आणि गडद निळा एकमेकांत मिसळून झालेले, जवळजवळ काळे उभे पट्टे कच्च्या कापडावर उतरू लागले, आणि आज त्यांची जी चित्रं जगभर मानली जातात ती ही. तेव्हा त्यांचं वय पंचेचाळीस होतं. 2 डिसेंबर 2022 रोजी आलेल्या आरएमच्या ‘इंडिगो’ या अल्बमची सुरुवात त्यांच्याच नावाच्या गाण्यानं होते, त्यात युन यांचा ध्वनिमुद्रित आवाज आहे, आणि मुखपृष्ठावरच्या छायाचित्रात भिंतीवर त्यांचं चित्र आहे. टेबलावरच्या त्या गप्पांनंतर अवघ्या सहा महिन्यांत हा अल्बम आला, म्हणून मला तो त्या तक्रारीचा पुढचा भाग वाटतो. संग्रहालयांत जाणं हा त्याचा छंद म्हणून सांगितला जातो. मला ते वेळ परत मिळवण्याचं साधन वाटतं. चित्रापुढे उभं राहिलेल्या माणसाला कुणी पुढच्या गाण्याची तारीख विचारत नाही. 2020 मध्ये त्यानं राष्ट्रीय आधुनिक व समकालीन कला संग्रहालयाला दहा कोटी वॉन दिले, ते दुर्मीळ झालेली कलाविषयक पुस्तकं पुन्हा छापून शाळांच्या आणि दूरच्या भागांतल्या वाचनालयांना द्यावीत म्हणून. आपल्याला जिथं थोडी सवड मिळाली ती जागा इतरांपर्यंत पोचवावी, असा हा विचार आहे, आणि त्याबद्दल मला या माणसाविषयी मनापासून आदर वाटतो.

खरी थांबण्याची वेळ आली ती लष्करी सेवेमुळे. आरएम 11 डिसेंबर 2023 ला भरती झाला आणि 10 जून 2025 ला सुटला. अठरा महिने, त्यातला बराच काळ लष्करी वाद्यवृंदात सॅक्सोफोन वाजवत. काही जण म्हणतात, मिळाली ना मग विश्रांती? सक्तीच्या सेवेला विश्रांती म्हणणं मला मान्य नाही. ती कुणाच्या गरजेतून येत नाही, वयाची अट भरली की येते. मात्र त्या काळानं एक गोष्ट सिद्ध केली. कंपनीनं कित्येक वर्षं आधीपासून त्या गैरहजेरीची तयारी केली, 2020 मध्ये कायद्यात बदल होऊन यशस्वी कलाकारांना तिशीपर्यंत भरती पुढे ढकलण्याची सवलतही मिळाली. म्हणजे वेळापत्रकात पोकळी सोडता येते. राज्य मागतं तेव्हा येते, माणूस मागतो तेव्हा शेअर पडतो. आणि त्या पोकळीतही बाजार थांबला नाहीच: 24 मे 2024 रोजी, तो बराकीत असताना, ‘राइट प्लेस, राँग पर्सन’ हा त्याचा दुसरा अल्बम बाहेर आला. भरतीपूर्वीच त्यानं तो पुरा केला होता. गटाच्या सवयीच्या वर्तुळाबाहेरची माणसं जमवून, आयडॉलकडून अपेक्षित असलेला गुळगुळीतपणा बाजूला ठेवून केलेलं ते काम आहे. त्याला थोडा वेळ स्वतःच्या हातात मिळाल्यावर काय होतं, याचा तो पुरावा आहे.

तिसरा आक्षेप व्यवहाराचा आहे, आणि गुंतवणूकदारांच्या मनात त्या जून महिन्यात तोच होता: लोकप्रियता नाशवंत असते, थांबलात की विसरले जाल. पुढच्या तीन वर्षांनी याला आकड्यांत उत्तर दिलं. गट म्हणून काम बाजूला असताना एप्रिल 2023 मध्ये गटातल्याच जिमिनचं ‘लाइक क्रेझी’ आणि जुलैमध्ये जंगकूकचं ‘सेव्हन’ हे एकट्याचं गाणं अमेरिकेच्या बिलबोर्ड हॉट 100 यादीत पहिल्या क्रमांकावर गेलं. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये, काही जण लष्करात असतानाच, सातही जणांनी कंपनीबरोबरचा करार पुढे चालू ठेवला. 2025 च्या ऑक्टोबरमध्ये ग्याँगजू इथं आशिया-पॅसिफिक देशांच्या उद्योगप्रमुखांच्या परिषदेत कोरियन संस्कृतीविषयी बोलायला आरएमलाच बोलावलं गेलं. चाहते गेले नाहीत. त्या गप्पांनंतर त्यांतल्या असंख्य जणांनी तुम्ही विश्रांती घ्या असंच लिहिलं होतं, आणि ते शब्दाला जागले. भीती होती ती विकणाऱ्यांना. ऐकणारे धीरानं वाट पाहायला तयार होते.

म्हणून कंपन्यांनी आता करारात लिहावं की दर काही वर्षांनी कलावंताला स्वतःसाठी वर्षभराचा काळ मिळेल, आणि त्याचं कारण त्यानं सांगायची गरज नाही. अल्पवयीन कलाकारांच्या कामाच्या तासांवर कोरियानं 2014 पासून कायद्यानं मर्यादा घातली आहे. प्रौढांच्या बाबतीत हा विषय अजून त्यांच्या हिमतीवर सोडलेला आहे. पुढचा कुणी सत्तावीस वर्षांचा गायक टेबलावर बसून दमलो म्हणेल तेव्हा दुसऱ्या दिवशी त्याला खुलासा लिहावा लागू नये, एवढं तरी या मार्गानं साधता येईल.